पाहणाऱ्याची जागा

फौजदारी खटल्याच्या दप्तरात पंचनामा असतो आणि जबानी असते. पंचनाम्यात घटनास्थळाचे वर्णन चारी बाजूंनी, मोजमापासह आणि कोणाचाही पक्ष न घेता केलेले असते. जबानीत मात्र एकाच माणसाने एकाच ठिकाणी उभे राहून जेवढे पाहिले आणि जेवढे त्याच्या कानी पडले तेवढेच उतरते. त्याच्या उभे राहण्याच्या जागेमुळे, त्याच्या भीतीमुळे किंवा त्याच्या स्वार्थामुळे जे त्याला दिसू शकले नाही त्याची पोकळी त्या कागदावर शब्दाशब्दांतून जाणवत राहते. बहुतेक चित्रपट पंचनाम्याच्या पद्धतीने सांगितलेले असतात. कॅमेरा कधी खिडकीबाहेर असतो, कधी खोलीत असतो, कधी नायकाच्या खांद्यामागे तर कधी आकाशात असतो, आणि ही सर्वसंचारी मुखत्यारी त्याला कोणी दिली असे प्रेक्षक कधी विचारीत नाही. प्रस्तुत प्रकरणात ज्या लघुपटांचा विचार करावयाचा आहे ते जबानीच्या जातीचे आहेत. आणि जबानीही अशा साक्षीदारांची, की ज्यांना पाचारण करण्याची कल्पना सहसा कोणाला सुचणार नाही. मोटारीखाली सापडणारा पादचारी, फासाच्या दोराला बांधलेला बंदी, मृत समजला गेलेला जिवंत देह, मोटारीचा पुढचा बंपर, आणि फडताळावरची बाहुली, हे ते साक्षीदार होत.

उत्कंठा कशाने उत्पन्न होते, या प्रश्नाचे सर्वांत सुटसुटीत उत्तर आल्फ्रेड हिचकॉक यांनी दिले आहे. १९६२ साली फ्रेंच दिग्दर्शक फ्रान्स्वा त्रुफो यांनी त्यांची प्रदीर्घ मुलाखत घेतली आणि १९६६ मध्ये ती पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली. तीत टेबलाखालच्या बॉम्बचे सुप्रसिद्ध उदाहरण आहे. दोन माणसे टेबलाशी बसून गप्पा मारीत असताना अकस्मात स्फोट झाला, तर प्रेक्षकाला पंधरा सेकंदांचा धक्का बसतो. परंतु टेबलाखाली बॉम्ब आहे आणि तो अमुक वाजता उडणार आहे हे प्रेक्षकाला आधी कळवून ठेवले, तर त्याच निरर्थक गप्पा तो पंधरा मिनिटे जीव मुठीत धरून ऐकतो. उत्कंठेचा आधार माहितीच्या वाटपात आहे, कोणाला किती आणि केव्हा कळू द्यावयाचे यात आहे, हे हिचकॉक यांचे मत आता सर्वमान्य झाले असून ते यथार्थही आहे. तथापि या उदाहरणात एक गोष्ट गृहीत धरलेली आहे, ती ही की प्रेक्षकाला टेबलाखाली वाकून पाहण्याची मुभा आहे. ती मुभा काढून घेतली, प्रेक्षकाला त्या दोन माणसांपैकी एकाच्या डोळ्यांत कोंडून घातले, किंवा बॉम्बच्याच जागी नेऊन ठेवले, तर काय होईल? माझ्या मते अशा वेळी उत्कंठेचा भार माहितीवरून जागेवर सरकतो. आता काय घडणार, या प्रश्नाइतकाच मला या जागेतून कोण आणि केव्हा सोडवणार, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात जागा होतो; आणि या जातीच्या उत्तम लघुपटात कॅमेरा ती जागा सोडतो तोच क्षण कथेच्या उकलीचा क्षण ठरतो.

हे तत्त्व चित्रपटकलेच्या बाल्यावस्थेतच दोन ब्रिटिश गृहस्थांच्या हाती लागले होते. १९०० साली सेसिल हेपवर्थ यांनी एका मिनिटाहूनही कमी लांबीची एक चित्रफीत तयार केली. रस्त्यावर कॅमेरा उभा आहे. प्रथम एक घोडागाडी धूळ उडवीत बाजूने निघून जाते आणि त्या धुळीतून एक मोटारगाडी नागमोडी वळणे घेत सरळ आपल्याच रोखाने येते. आतील माणसे हात हलवून बाजूला होण्यास सांगत असतात, परंतु कॅमेऱ्याला पाय नसल्यामुळे आपल्याला हलता येत नाही. गाडी सबंध पडदा व्यापते आणि नंतर काळ्या पडद्यावर काही चिन्हे व अक्षरे लुकलुकतात. पुढच्याच वर्षी होव्ह येथील जेम्स विल्यम्सन यांनी याहून विलक्षण प्रयोग केला. आपले चित्र घेतले जात आहे याचा राग आलेला एक सद्गृहस्थ तावातावाने बोलत कॅमेऱ्याकडे येऊ लागतो, त्याचा चेहरा मोठा होत होत केवळ तोंड उरते, तोंडाची काळी पोकळी पडदाभर पसरते, तीत कॅमेऱ्यासह छायाचित्रकार कोसळतो, आणि तो गृहस्थ समाधानाने चघळत चघळत मागे जातो. क्षणभर हसून झाल्यावर मनात शंका येते की कॅमेरा गिळला गेला असेल तर त्या माणसाला चघळताना पाहिले कोणी? विल्यम्सन यांना कदाचित केवळ गंमत साधावयाची असेल, परंतु साक्षीदार संपला तरी पाहणे संपत नाही, दुसरा कोणीतरी डोळा मागे उरतो, ही या कलाप्रकाराची सर्वांत गूढ बाब त्यांच्या त्या चिमुकल्या फितीत संपूर्णपणे आलेली आहे.

दीर्घ चित्रपटाला ही रीत मानवत नाही, याचा पुरावा १९४७ सालचा ‘लेडी इन द लेक’ हा आहे. रेमंड चँडलर यांच्या कादंबरीवरील या चित्रपटात दिग्दर्शक व नायक रॉबर्ट मॉन्टगोमेरी यांनी गुप्तहेराच्या डोळ्यांनीच जवळजवळ सर्व कथा दाखवण्याचे ठरवले, त्यामुळे नायक आपल्याला मुख्यतः आरशात दिसतो, नायिका कॅमेऱ्याच्या भिंगाशी प्रणय करते आणि ठोसेही भिंगावरच बसतात. पावणेदोन तास हे पाहणे मोठे कष्टाचे आहे. कारण उघड आहे. या गुप्तहेराला कोठेही जाण्याची आणि काहीही करण्याची पूर्ण मोकळीक आहे; तो दार उघडू शकतो, प्रश्न विचारू शकतो, पळू शकतो. ज्याला सर्व अखत्यार आहे त्याच्या डोळ्यांत बसून प्रेक्षकाला कसली भीती वाटणार? पाहण्याची शक्ती शाबूत आणि कृतीची शक्ती हरपलेली, अशा ठिकाणी प्रेक्षकाला बसवले तरच त्या चमत्कारिक आसनाचे सार्थक होते. कारण चित्रपटगृहातील प्रेक्षकाची स्वतःची अवस्था नेमकी तशीच असते.

हिचकॉक यांना ही गोष्ट पूर्णपणे उमगली होती, आणि त्याची साक्ष त्यांच्या कोणत्याही मोठ्या चित्रपटापेक्षा १३ नोव्हेंबर १९५५ रोजी अमेरिकन दूरचित्रवाणीवर दाखवलेल्या ‘ब्रेकडाउन’ या अर्ध्या तासाच्या कथेत अधिक स्पष्टपणे मिळते. जोसेफ कॉटन यांनी रंगवलेला विल्यम कॅल्यू हा कठोर वृत्तीचा धनिक व्यावसायिक प्रारंभी दूरध्वनीवर एका जुन्या नोकराची बडतर्फी कायम करतो. तो नोकर रडू लागतो तेव्हा कॅल्यूला त्याची दया येण्याऐवजी तिटकारा येतो. पुढे मोटारीने प्रवास करताना भीषण अपघात होतो. चालकाचे चक्र छातीवर रुतलेले, मान कलंडलेली, डोळे सताड उघडे. सर्वांग लुळे पडले असून केवळ एक बोट तेवढे हलते. येथून पुढे आपण त्याचा निश्चल चेहरा आणि त्याला जे दिसते तेवढेच आळीपाळीने पाहतो, आणि त्याच्या मनातील आवाज ऐकतो, जो बाहेर कोणालाही ऐकू जात नाही. वाटेने आलेले लोक त्याला मेलेला समजून गाडीतील चीजवस्तू लांबवतात. तुरुंगातून पळालेले कैदी त्याच्या अंगावरचे कपडे उतरवून नेतात. अखेर सरकारी माणसे येतात, आणि आता सुटका झाली असे त्याला व आपल्याला वाटत असतानाच त्याची नोंद प्रेत म्हणून होते.

या कथेत रहस्य असे काहीच नाही, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. कॅल्यू जिवंत आहे हे आपल्याला पहिल्यापासून ठाऊक आहे. लपवलेले काही नाही, आणि तरीही शवागारातील त्या रात्री श्वास अडकल्यासारखा होतो. त्या एका बोटावर त्याची सारी भिस्त असते, आणि प्रेत उचलून ठेवताना नेमका तोच हात देहाखाली दबला जातो. मनातला आवाज ओरडतो, विनवतो, अखेर हताश होतो. आणि मग कॅमेरा त्याच्या डोळ्यांतून बाहेर पडतो, वर वाकून पाहणाऱ्या माणसांच्या जागी जातो, आणि त्या माणसांना दिसते ते आपल्यालाही दिसते: प्रेताच्या डोळ्यांतून अश्रू ओघळत आहेत. ज्या अश्रूंचा त्याने प्रारंभी तिरस्कार केला त्यांनीच त्याचे प्राण वाचवले, ही योजना नीतिकथेला शोभणारी आहे खरी. परंतु तिचा परिणाम नीतीपेक्षा जागेच्या बदलावर अधिक अवलंबून आहे. आतून ओरडून जे साधले नाही ते बाहेरून एका दृष्टिक्षेपात साधले. तो अश्रू कॅल्यूला स्वतःला दिसणे शक्य नव्हते, आणि म्हणूनच तो दिसण्यासाठी आपल्याला त्याच्या डोळ्यांतून बाहेर यावे लागले.

‘ब्रेकडाउन’मध्ये बाहेरची जागा जीवदान देते. फ्रेंच दिग्दर्शक रॉबेर आंरिको यांच्या आउल क्रीकवरील लघुपटात तीच जागा प्राण हरण करते. अँब्रोज बिअर्स हा अमेरिकन लेखक यादवी युद्धात उत्तरेच्या सैन्यात प्रत्यक्ष लढलेला. त्याने १८९० साली लिहिलेल्या कथेवरून हा अर्ध्या तासाहून थोडा कमी लांबीचा कृष्णधवल चित्रपट तयार झाला, १९६२ मध्ये कान महोत्सवात लघुपटांतील सर्वोच्च पारितोषिक त्यास मिळाले, पुढे ऑस्करही मिळाले, आणि २८ फेब्रुवारी १९६४ रोजी ‘ट्वायलाइट झोन’ या अमेरिकन मालिकेत त्याचे प्रक्षेपण झाले. कथा अलाबामातील, चित्रीकरण फ्रान्समधील, संवाद नावापुरते. तथापि भाषेची उणीव कोणत्याही देशाच्या प्रेक्षकाला भासत नाही.

प्रारंभी लष्करी हुकूमनाम्याचा एक कागद दिसतो: रेल्वेचे पूल, बोगदे किंवा गाड्या यांना उपद्रव देणाऱ्या नागरिकास तत्काळ फाशी देण्यात येईल. पुलावर पेटन फार्कर या बंद्याची फाशीची तयारी चाललेली असते, आणि ती तयारी आंरिको यांनी विलक्षण संथपणे दाखवली आहे. दोर तपासला जातो, फळी ठीक केली जाते, हातपाय बांधले जातात, अधिकारी आपापल्या जागी उभे राहतात. सगळे कामकाज दफ्तरी शिस्तीने, रागाचा किंवा दयेचा लवलेश नसताना पार पडते. हा भाग शुद्ध पंचनामा आहे. मग फळी सुटते, दोर तुटतो, बंदी नदीत कोसळतो, पाण्याखाली हातांची बंधने सोडवतो आणि वर येऊन पहिला श्वास घेतो. येथे जग बदलते. झाडाचे पान, त्यावरचा कीटक, कोळ्याचे जाळे यांकडे तो असा पाहतो की जणू सृष्टी आजच उत्पन्न झाली आहे. किनाऱ्यावरील सैनिकांचे हुकूम मात्र संथ, जड, लांबट होऊन ऐकू येतात. गोळ्या आणि तोफ चुकवीत तो प्रवाहाबरोबर वाहत जातो, अरण्यातून धावत सुटतो, एक उंच फाटक त्याच्यासमोर आपोआप उघडते, आणि दूरवरून पत्नी त्याच्याकडे येऊ लागते. तो धावतो, ती चालते, पुन्हा तो धावतो, आणि दोघांतले अंतर काही केल्या तुटत नाही. तिच्या हाताचा स्पर्श होणार इतक्यात त्याच्या मानेला हिसका बसतो, आणि पुढच्याच दृश्यात पुलाखाली दोराला लटकणारा देह दिसतो. दोर तुटलाच नव्हता. पळण्याचा सबंध प्रवास फळी सुटणे आणि मान मोडणे यांमधील निमिषाचा होता.

अनेक समीक्षक या शेवटास चकवा म्हणतात. मला तो आरोप मान्य नाही. चकव्यात लेखक खोटे बोलतो. आंरिको खोटे बोलत नाहीत. त्यांनी साक्षीदार बदलला आणि तो बदलल्याची सूचना प्रामाणिकपणे, वारंवार दिली. मंदावलेले आवाज, आपोआप उघडणारे फाटक, न तुटणारे अंतर ही सारी त्या सूचनेची चिन्हे आहेत. आपण ती पाहूनही दुर्लक्षिली, कारण तो माणूस वाचावा अशी आपलीही तीव्र इच्छा होती, आणि मरणाऱ्याच्या जबानीवर विश्वास ठेवणे आपल्याला हवे होते. कॅमेरा येथे क्वचितच फार्करच्या डोळ्यांच्या जागी आहे. बहुतेक वेळ तो आपल्याला बाहेरून दिसतो. तरीसुद्धा आपण त्याच्या मनात आहोत. दृष्टिकोण म्हणजे केवळ कॅमेऱ्याचे स्थान नव्हे, हे या लघुपटाने जितक्या निर्णायकपणे सिद्ध केले तितके क्वचितच दुसऱ्या कोणी केले असेल.

सॅम्युएल बेकेट यांच्या ‘फिल्म’ या लघुपटात पाहणाराच संकट होऊन बसतो. १९६४ च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्क येथे त्याचे चित्रीकरण झाले. त्यासाठी बेकेट अमेरिकेस गेले, ती त्यांची तेथील एकमेव भेट. दिग्दर्शक अॅलन श्नायडर आणि प्रमुख भूमिकेत मूकपटांच्या युगातील श्रेष्ठ विनोदी नट बस्टर कीटन, वय तेव्हा ६८. एक माणूस डोक्यावर टोपी दाबून भिंतीच्या कडेने पळतो आहे आणि कॅमेरा त्याच्या पाठीमागून चालतो आहे. बेकेट यांनी नियम असा घालून दिला की कॅमेरा त्याच्या पाठीमागे पंचेचाळीस अंशांच्या कोनात असेतोवर तो सुरक्षित. कोन ओलांडला की आपण पाहिले जात आहोत ही वेदना त्याला ग्रासते. रस्त्यातील एक जोडपे आणि जिन्यातील फुलवाली म्हातारी कॅमेऱ्याकडे पाहताच भयाने विदीर्ण होतात. आपण, म्हणजे कॅमेरा, असे आहोत तरी कोण? खोलीत शिरल्यावर तो खिडकी झाकतो, आरसा झाकतो, पोपटाचा पिंजरा व माशाचे भांडे झाकतो, मांजर आणि कुत्रा यांना बाहेर काढतो, आणि एकास काढावे तो दुसरे आत येते. भिंतीवरील मोठ्या डोळ्यांच्या देवाचे चित्र तो फाडतो, स्वतःची सात छायाचित्रे फाडतो, आणि झुलत्या खुर्चीत डुलकी घेतो. त्याच वेळी कॅमेरा हळूहळू भिंतीच्या कडेने वळून त्याच्या पुढ्यात येतो. तो दचकून जागा होतो, आणि प्रथमच आपल्याला त्याचा चेहरा दिसतो, एका डोळ्यावर पट्टी. नंतर समोर उभ्या पाहणाऱ्याचा चेहरा दिसतो, तोही तोच, तीच पट्टी. सबंध चित्रपटात एक ‘श्श’ वगळता ध्वनी नाही. तत्त्वज्ञानाचा भार थोडा अधिक झाला आहे हे मान्य केले, तरी ती कोपरा वळण्याची क्रिया पाहताना जो थरकाप होतो तो कोणत्याही भयपटास भूषणास्पद ठरावा.

क्लोद लेलूश यांच्या १९७६ च्या ‘सेतै अँ रांदेव्हू’ विषयी मला फार लिहावयाचे नाही. मोटारीच्या पुढच्या भागी, जमिनीलगत कॅमेरा बसवून पहाटेच्या पॅरिसमधून, लाल दिवे न जुमानता, सुमारे आठ मिनिटांची एकसलग, न कापलेली दौड त्यांनी चित्रित केली. गाडी मर्सिडीज होती आणि आवाज फेरारीचा, मागाहून जोडलेला. आपण बंपर झालो आहोत. कबुतरे, पादचारी, कचऱ्याची गाडी यांच्याशी टक्कर कोणत्याही क्षणी होईल असे वाटते, आणि अखेरीस माँमार्त्रच्या टेकडीवर गाडी थांबते, चालक कॅमेऱ्यापुढे येतो, जिना चढून आलेल्या तरुणीस भेटतो. जागा सोडण्याचा क्षण येथेही आहे आणि तो सुंदर आहे. परंतु रस्त्यावरील ती माणसे नट नव्हती, त्यांची संमती कोणी घेतलेली नव्हती, आणि दुसऱ्याचे प्राण पणाला लावून मिळवलेल्या उत्कंठेचे मी गुणगान करणार नाही.

आपल्याकडील एका उदाहरणात हा क्रम उलटा झाला आहे, आणि तो पौराणिक कथेच्या आधाराने झाला असल्यामुळे मराठी वाचकास विशेष आस्वाद्य वाटेल. सुजॉय घोष यांनी २०१५ मध्ये ‘अहल्या’ हा सुमारे चौदा मिनिटांचा बंगाली लघुपट प्रसिद्ध केला. इंद्र सेन हा पोलीस अधिकारी बेपत्ता झालेल्या एका तरुणाच्या तपासासाठी वृद्ध कलावंत गौतम साधू यांच्या घरी येतो. दार उघडते ती साधूंची तरुण पत्नी अहल्या. गौतमाची भूमिका सौमित्र चटर्जी यांची आणि अहल्येची राधिका आपटे यांची. दिवाणखान्यात माणसांसारख्या हुबेहूब बाहुल्या मांडलेल्या आहेत, त्यांपैकी एक बेपत्ता तरुणासारखी. आणि एक शिळा आहे, जिच्या स्पर्शाने इच्छिलेल्या माणसाचे रूप घेता येते असे साधू सांगतात. अधिकाऱ्याचा विश्वास बसत नाही, पण मोह होतो. पुराणात इंद्राने गौतमाचे रूप घेतले आणि शिळा झाली ती अहल्या; येथे शिक्षा इंद्राकडे वळली आहे. आरंभापासून जबानी घेणारा तो स्वतः होता, प्रश्न विचारण्याचा अंमल त्याचा होता, आणि आपण त्याच्या बरोबरीने संशयितांकडे पाहत होतो. अखेरीस तो एका अरुंद, अंधाऱ्या जागी जागा होतो, ओरडतो, आणि ती जागा बाहुलीचे अंतरंग आहे हे आपल्याला कळते. कॅल्यूला बाहेरच्या डोळ्याने सोडवले. इंद्र सेनला सोडवण्यास कोणी डोळा उरत नाही, कारण त्याच्याकडे पाहणाऱ्यास ती केवळ एक बाहुली दिसणार. जो जन्मभर पंचनामे लिहीत आला त्याची जबानी आता कोणी नोंदवून घेणार नाही. चौदा मिनिटांत एवढे साधणे ही लहानसहान कामगिरी नव्हे, आणि पुराणकथेचे असे न्याय्य रूपांतर आपल्या चित्रपटांत विरळाच झाले आहे.

येथे या लघुपटांचे शेवट उघड केले आहेत. त्यामुळे ते पाहण्यातील गोडी गेली असे वाचकाने समजू नये. आउल क्रीकचा शेवट ठाऊक नसताना जो मिळतो तो हिचकॉक यांच्या हिशेबाने पंधरा सेकंदांचा धक्का. शेवट ठाऊक झाल्यानंतर टेबलाखालचा बॉम्ब प्रेक्षकाच्या स्वाधीन होतो, आणि नदीतून वर आलेल्या त्या माणसाचा पहिला श्वास, ते पान, तो कीटक, हे सारे दुसऱ्या खेपेस सहन होणे कठीण जाते. म्हणून वाचकास माझी आग्रहाची विनंती अशी की हा लघुपट एकदा पाहून बाजूस ठेवू नये. काही दिवसांनी पुन्हा लावावा, मध्ये थांबवू नये, आणि सैनिकांचे आवाज मंद होऊ लागतात त्या ठिकाणी विशेष लक्ष द्यावे. कारण साक्षीदार बदलल्याची पहिली स्पष्ट वर्दी तेथे कानांना मिळते.